एकटीच राहणाऱ्या बाईच्या दिनक्रमावरचा बिनसंवादी लघुपट कंटाळवाणा होईल का?

तुम्ही विचारलंय की, एकट्या बाईच्या सकाळच्या कामांवर दहा-बारा मिनिटांचा, संवाद नसलेला लघुपट करायचाय. लोक कंटाळतील का आणि मागे हळवं संगीत घालावं का?

संगीत अजिबात घालू नका. बासरी सुरू झाली की प्रेक्षक 'बिचारी' म्हणून मोकळा होतो आणि तिच्या हातांकडे बघायचं सोडून देतो.

शांताल अकरमन या बेल्जियन दिग्दर्शिकेचे दोन लघुपट बघा. 'सोत मा व्हील' (१९६८) तिने अठराव्या वर्षी केला, १३ मिनिटांचा, आणि त्यातली मुलगीही तीच. स्वयंपाकघरात एकटी स्पॅगेटी खाते, सामान खाली फेकते, फरशी पुसते, बुटांना पॉलिश करते. पॉलिशचा ब्रश बुटावरून तसाच पायावर चढतो. तिथे माझ्या अंगावर दर वेळी काटा येतो. काम रोजचंच, हात सवयीचे, फक्त थांबायचं कुठे ते सुटलंय. शेवटी स्फोट होतो, पण मला तो ब्रशच जास्त हलवतो. आणि आवाज? बराचसा तिच्याच गुणगुणण्याचा.

'ला शांब्र' (१९७२) तर ११ मिनिटं पूर्ण मूक आहे. न्यूयॉर्कमधली एक खोली, छायाचित्रणकार बाबेत मांगोल्तचा गोल फिरणारा कॅमेरा, पलंगावर अकरमन. कॅमेरा तिच्यासाठी थांबत नाही. टेबल-खुर्च्यांवरून जातो तसाच तिच्यावरून जातो. एका फेरीत ती सफरचंद खात असते. पुढच्या फेरीत काय करत असेल, याची आपण वाट बघायला लागतो, आणि मग कॅमेरा उलटा फिरतो.

म्हणून कंटाळ्याला घाबरू नका, प्रेक्षकाला आधी क्रम पाठ होऊ द्या. चहा ठेवलात तर उकळेपर्यंत कट नको. तीच कृती त्याच जागेवरून पुन्हा दाखवा आणि एकच गोष्ट बदला. अकरमनच्याच 'जान दिलमान' या एका गृहिणीवरच्या मोठ्या चित्रपटात (१९७५) बटाटे जास्त शिजतात, तेवढ्यावरून त्या बाईची घडी विस्कटल्याचं कळतं. पण त्याआधी ती घडी आपण सबंध दिवसभर पाहिलेली असते.

तिला आरशासमोर रडवू नका. भिंतीवर हार घातलेला फोटोही नको. ती एकटी का आहे, हे कुणालाही सांगायची गरज नाही.

भूमिकेसाठी स्वयंपाकघरात सहज हात चालणारी बाईच निवडा. नाहीतर बिनसंवादी लघुपटात पहिल्या मिनिटाला खोटेपणा कळतो. आणि शूटिंग संपल्यावर पंखा, नळ, स्टोव्ह यांचे आवाज वेगळे रेकॉर्ड करून ठेवा. संपादनात संगीताच्या जागी तेच लागतील.