ऑफर लेटरमधल्या ‘ईसॉप’वर किती विसंबावं?

तुम्ही विचारलंय, ओहायोतल्या कंपनीच्या ऑफरमध्ये ईसॉप आहे, एचआर म्हणतं ‘ट्रस्टी (म्हणजे ते शेअर सांभाळणारा) कायद्याने बांधील असतो’, तर निवृत्तीसाठी वेगळी बचत केली नाही तर चालेल का. माझं उत्तर: नाही.

पुण्यात ईसॉप म्हणजे ठरलेल्या भावाने शेअर घ्यायचा हक्क. अमेरिकेत त्याच नावाची निवृत्ती योजना असते. कंपनी स्वतःचेच शेअर ट्रस्टमध्ये तुमच्या नावे टाकते, आणि पैसे मिळतात ते सहसा नोकरी सोडल्यावर.

ट्रस्टी बांधील असतो हे खरं आहे. 1974 च्या एरिसा या निवृत्ती योजनांच्या अमेरिकी कायद्याप्रमाणे त्याने जाणत्या, सावध माणसासारखं वागायचं आणि सभासदांचंच हित पाहायचं. पण त्याच कायद्याने ईसॉपला पैसा चार ठिकाणी विभागून ठेवण्याच्या बंधनातून सूट दिली आहे. पूर्वी कित्येक न्यायालयं तर ‘ट्रस्टी शहाणपणानेच वागला’ असं धरूनच चालत. सिनसिनाटीच्या फिफ्थ थर्ड बँकेच्या खटल्यात 2014 साली सुप्रीम कोर्टाने ते एकमताने मोडीत काढलं. मात्र शेअर बाजारात असेल तर ‘भाव फुगलाय हे ट्रस्टीला कळायला हवं होतं’ एवढं म्हणून भागत नाही, असंही त्याच निकालात आहे. आतली माहिती दडवली म्हणायचं, तर ट्रस्टीने कायद्यात बसणारं आणि फंडाचं आणखी नुकसान न करणारं दुसरं काय करायला हवं होतं, ते तुम्ही दाखवायचं. त्यामुळे असे बहुतेक दावे सुरुवातीलाच फेटाळले गेले.

2009 च्या फेब्रुवारीत माझ्या ईसॉप खात्याच्या स्टेटमेंटचं पाकीट आलं, ते मी दोन दिवस फ्रिजवर तसंच ठेवलं. उघडायचा धीर होईना. निम्म्याहून जास्त रक्कम गेली होती, आणि त्याच महिन्यात आमच्या विभागातली अकरा माणसं घरी बसली. कंपनी बुडायला लागली की पगार आणि पुंजी बरोबरच जातात. एचवन-बी या कामाच्या व्हिसावर तर नोकरी गेल्यावर जास्तीत जास्त 60 दिवसांची मुदत, म्हणजे राहण्याचा हक्कही त्याच नोकरीला बांधलेला.

कंपनी शेअर बाजारात नसेल तर जास्तच जपा. भाव वर्षातून एकदा बाहेरचा मूल्यांकनकार ठरवतो. ट्रस्टी कंपनीचाच माणूस आहे की बाहेरचा, आणि शेअर घ्यायला ट्रस्टने कर्ज काढलंय का, हे सहीआधी विचारा. उत्तर द्यायला ते का-कू करत असतील तर मला तरी ते खटकेल.

चार-पाच वर्षांनी परतायचा विचार असेल तर व्हेस्टिंगचा, म्हणजे किती वर्षांनी किती शेअर पक्के तुमचे होतात याचा, तक्ता मागा. कायद्याने चालणाऱ्या सर्वांत संथ तक्त्यात चार वर्षांनी 60 टक्केच तुमचे होतात, पूर्ण व्हायला सहा वर्षं लागतात. शिवाय निवृत्तीआधी नोकरी सोडलीत तर पैसे द्यायला सुरुवातच कंपनी पाचेक वर्षं लांबवू शकते. वेगळं 401(के), म्हणजे पगारातून कापून भरायचं निवृत्ती खातं, असेल तर दर महिन्याची बचत तिथे, इंडेक्स फंडात (अनेक कंपन्यांच्या शेअरमध्ये विभागलेल्या फंडात) टाका. त्यात कंपनीचा बाजारातला शेअर असला, तरी तुमच्या पगारातून गेलेला भाग तुम्हाला त्यातून केव्हाही काढून दुसऱ्या फंडात वळवता येतो.