बडतर्फीविरुद्ध मॅटमध्ये गेलं तर पुरावे नव्यानं तपासले जातात का?

तुम्ही विचारलंय की, ठाण्यात राज्य शासनाच्या कार्यालयात लिपिक असलेल्या भावाला पैसे मागितल्याच्या आरोपावरून विभागीय चौकशी करून बडतर्फ केलं. ‘मी मागितलेच नाहीत’ हे त्याला आता महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे (मॅट) नव्यानं सिद्ध करता येईल का?

नाही. हे आधीच स्पष्ट सांगतो, कारण याच आशेवर माणसं आयुष्याची कमाई वकिलांवर घालवताना मी पाहिली आहेत. बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात (१९९५) सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की न्यायिक पुनर्विलोकन, म्हणजे न्यायालयानं किंवा न्यायाधिकरणानं अशा आदेशाची केलेली तपासणी, हे निर्णयावरचं अपील नव्हे. तो निर्णय कसा घेतला गेला, याची ती तपासणी आहे. थोडाफार पुरावा असला तरी ‘तेवढा पुरेसा होता का’ यात न्यायालय शिरत नाही. मात्र पुरावाच नसेल, किंवा आहे त्यावरून कोणत्याही समंजस माणसाला तो निष्कर्ष काढता येणार नसेल, तर हस्तक्षेप होतो.

म्हणून भावाच्या प्रामाणिकपणावर पानंच्या पानं लिहू नका. चौकशीचा रोजनामा, म्हणजे कोणत्या तारखेला काय झालं याची नोंद, मिळवा आणि तारीखवार वाचा.

नोकरीत असताना मी सहकाऱ्यांचा बचाव सहाय्यक म्हणून काही चौकशांना बसलो. बेलापूरच्या एका चौकशीत तक्रारदार एकदाही आला नाही. त्याचा प्राथमिक चौकशीतला जबाब सादरकर्ता अधिकाऱ्यांनी (कार्यालयाची बाजू मांडणाऱ्या) फाइलला लावला आणि आरोप सिद्ध धरला गेला. उलटतपासणी घ्यायची कोणाची? मी रोजनाम्यावर सही करताना वर हातानं लिहिलं : ‘तक्रारदारास बोलावण्याची विनंती नाकारली. निषेधासह सही.’ चौकशी अधिकारी संतापले, पण ती ओळ कागदावर राहिली. पुढे मॅटमध्ये वकिलांनी बोट ठेवलं ते तिच्यावरच. नुसता कागद दाखल केला म्हणजे तो सिद्ध झाला असं होत नाही, त्यासाठी साक्षीदार लागतो, हे रूपसिंग नेगी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानंच म्हटलंय.

दुसरं, शिक्षेआधी चौकशी अहवालाची प्रत देऊन भावाचं म्हणणं मागवलं होतं का? ते बंधनकारक असल्याचं सर्वोच्च न्यायालयानं करुणाकर निकालात (१९९३) सांगितलंय. पण प्रत न मिळाल्यानं बचावाचं नेमकं काय नुकसान झालं, हेही दाखवावं लागतं. शिक्षा फार कडक आहे एवढ्यावर मात्र विसंबू नका. ती सदसद्विवेकाला धक्का देईल इतकी विसंगत असावी लागते.

मॅटआधी विभागीय अपील करा. १९७९ च्या शिस्त व अपील नियमांप्रमाणे आदेशाची प्रत मिळाल्यापासून ४५ दिवस असतात. अपील फेटाळलं तर तिथून एक वर्षात मॅट. सहा महिने निकालच आला नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. मॅटच्या निकालावर उच्च न्यायालयात जाता येतं. (हे वाचणाऱ्यांत कोणी महापालिकेत किंवा जिल्हा परिषदेत असेल तर हा मार्ग तुमचा नाही, तुमचे नियम वेगळे आहेत.)

आणि जिंकलात तरी भाऊ दुसऱ्या दिवशी खुर्चीवर बसेलच असं नाही. जिथं चूक झाली त्या टप्प्यापासून चौकशी पुन्हा करा, असा आदेश बऱ्याचदा होतो. घरच्यांना हे आत्ताच सांगून ठेवा.

आज एवढं करा : आदेश ज्या पाकिटातून आला ते शोधा. त्यावरच्या पोस्टाच्या शिक्क्यावरून प्रत कधी मिळाली ते बघा आणि तिथून ४५ दिवस मोजा.