बीजीएमआयमध्ये क्लासिक सोडून बाकीचे मोड खरोखरच टाइमपास आहेत का?

बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, म्हणजे पबजी मोबाइलची भारतीय आवृत्ती) या खेळाबद्दलच्या तुमच्या प्रश्नाचे दोन भाग आहेत. नोकरीमुळे रोज जेमतेम तासभर मिळणाऱ्या नवख्या माणसाने कोणत्या मोडपासून सुरुवात करावी, हा पहिला. आणि ‘क्लासिक सोडून बाकी सगळे टाइमपास आहे’ हे तुमच्या मित्रांचे म्हणणे खरे मानावे का, हा दुसरा. क्लासिक म्हणजे बॅटल रॉयल: मोठ्या मैदानावर शेवटपर्यंत जिवंत राहील तो जिंकतो, असा मुख्य मोड. पहिल्याचे उत्तर एका ओळीत देता येते: आधी काही दिवस फक्त टीडीएम (टीम डेथमॅच, दोन छोट्या संघांची झटपट चकमक), मग क्लासिकचा छोटा नकाशा लिविक, मग मोठा नकाशा एरँगल. दुसऱ्या भागाबद्दल मात्र मला सविस्तर लिहायचे आहे, कारण हेच वाक्य मी सांगलीच्या वसतिगृहात पुष्कळ ऐकून घेतले आहे आणि माझ्या मते ते साफ चुकीचे आहे.

हिशेब साधा आहे. एरँगलचा सामना म्हणजे आठ बाय आठ किलोमीटरचे मैदान, 100 खेळाडू आणि शेवटपर्यंत टिकलात तर सुमारे अर्धा तास. नवखा माणूस पोचिंकी या गजबजलेल्या गावात उतरला तर बंदूक हाती लागण्याच्या आतच मरून लॉबीत परततो. कडेच्या एखाद्या वस्तीत उतरला तर पंधरा मिनिटे लूट गोळा करतो, गाडी शोधतो, आकसत जाणाऱ्या सुरक्षित वर्तुळामागे, म्हणजे झोनमागे, धावतो आणि मग पहिली खरी चकमक चार-पाच सेकंदांत आटोपते. तुमच्या तासाभरात असे दोन सामने होतील, म्हणजे प्रत्यक्ष गोळीबाराचा सराव दहा सेकंदांचा. शिवाय खालच्या श्रेणीतल्या क्लासिक सामन्यांत बॉट (संगणक चालवतो ते खोटे खेळाडू) मोठ्या संख्येने भरलेले असतात. त्यांना मारून माणसाला आपण तरबेज झालो असे वाटू लागते आणि वरच्या श्रेणीत पहिला जिवंत खेळाडू समोर आला की तो समज उतरतो. याउलट वेअरहाऊस या गोदामाच्या नकाशावरच्या टीडीएममध्ये चार विरुद्ध चार असतात, आधी 40 फिनिश करणारा, म्हणजे 40 वेळा शत्रूला मारणारा, संघ जिंकतो आणि मेलात तरी काही सेकंदांत पुन्हा उभे राहता. तिथे चुकीला किंमत नाही, म्हणून तीच चूक एका तासात शंभरदा करून सुधारता येते. जायरोची (फोन हलवून नेम धरण्याची) सेन्सिटिव्हिटी जुळवणे, एम 416 या बंदुकीचा रिकॉइल, म्हणजे वर उडणारा झटका, खाली ओढणे, आडोशामागून डावी-उजवी पीक घेणे (वाकून डोकावणे) या गोष्टी क्लासिकमध्ये शिकायला बसलात तर वर्ष जाईल.

आता आमच्या दादांची गोष्ट. 2020 च्या जानेवारीत महाविद्यालयाच्या गॅदरिंगच्या आठवड्यात वसतिगृहातल्या मुलांनी पबजी मोबाइलची स्पर्धा भरवली होती. त्या सप्टेंबरात पबजीवर बंदी आली आणि बीजीएमआय त्यानंतर 2021 च्या जुलैत आले, त्यामुळे तेव्हाचा खेळ तो जुनाच. आमच्या विंगचा स्क्वाड (चौघांचा संघ) एक वर्ष पुढचे एक दादा चालवत. खेळातली त्यांची श्रेणी क्राउन, म्हणजे बरीच वरची, होती आणि ती ते ओळख करून देताना आडनावाच्या आधी सांगत. मी रात्री जेवणानंतर टीडीएम खेळायचो, कारण तेवढाच वेळ वसतिगृहाचे वायफाय बरे चालायचे. संघ ठरवताना दादा सर्वांसमोर म्हणाले, “तू गोदामातला पैलवान आहेस रे, मैदानात तुझं काय काम?” सांगलीकडे असे वाक्य एकदा चिकटले की चिकटले. पुढे महिनाभर मेसमध्ये मला ‘पैलवान’ याच नावाने हाक मारत असत, आणि ती हाक कौतुकाची नव्हती.

स्पर्धेच्या दिवशी चौथा गडी बहिणीच्या साखरपुड्याला गावी गेला आणि दुसरा कोणी मोकळा नसल्यामुळे मला घेतले. रूमचा (खासगी सामन्याचा) आयडी आणि पासवर्ड व्हॉट्सॲपवर आला, आम्ही चौघे एका खोलीत दोन पलंगांवर बसलो आणि दादांनी नियम घालून दिला की त्यांच्या परवानगीशिवाय कोणी गोळी झाडायची नाही. पहिला सामना त्या नियमानुसार झाला, म्हणजे त्यात काहीच झाले नाही. दुसऱ्यात झोन एरँगलमधल्या रोझोक गावाच्या बाजूला सरकला आणि आम्ही एका दुमजली घराच्या वरच्या मजल्यावर जाऊन बसलो. दादांचा बेत असा होता की शेवटचे चार संघ उरेपर्यंत खिडकीतून डोके काढायचे नाही. समोरच्या संघाला तो बेत अर्थातच ठाऊक नव्हता. त्यांनी खिडकीतून ग्रेनेड टाकला, दादा नॉक झाले (जखमी होऊन पडले, पण सोबत्याला उठवता येण्याजोगे), आणखी एक गडी जागच्या जागी संपला, तिसरा बाल्कनीतून खाली उडी मारून बाहेरच्या एकाशी झुंजत राहिला आणि खाली दार उघडल्याचा आवाज इअरफोनमध्ये आला.

इथे मला जे करता आले ते क्लासिकने शिकवलेले नव्हते. टीपीपीमध्ये (थर्ड पर्सन पर्स्पेक्टिव्ह) कॅमेरा खेळाडूच्या पाठीमागे असतो, त्यामुळे भिंतीआड उभे राहून, स्वतःचे अंग अजिबात न दाखवता जिना पाहता येतो, आणि जिना चढणाऱ्याला मात्र तुम्ही दिसत नाही. वेअरहाऊसमधल्या कंटेनरच्या कडेला उभे राहून हीच एक गोष्ट मी रोज करत आलो होतो. मी कोपरा धरला, उजवी पीक लावून ठेवली आणि पहिला गडी वळणावर येताच त्याच्या छातीवर एम 416 जवळजवळ रिकामी केली. तो नॉक झाला, पण मॅगझिनमध्ये दोन-चार गोळ्याच उरल्या आणि दुसऱ्याची पावले जिन्यावर वाजतच होती. अशा वेळी नवखा माणूस रिलोड करायला जातो आणि रिलोड करतानाच मरतो. टीडीएम खेळणाऱ्याचा अंगठा मात्र आपोआप दुसऱ्या बंदुकीवर जातो, कारण बंदूक बदलायला रिलोडपेक्षा कमी वेळ लागतो. दुसरा गडी यूएमपी या माझ्या दुसऱ्या बंदुकीने पडला. तिसरा जिना चढायचा सोडून मागच्या दाराने पळाला. या सगळ्या काळात दादा पलंगावर माझ्या शेजारी बसून “रिव्हाइव्ह दे, रिव्हाइव्ह दे” असे ओरडत होते. मी त्यांना दहा सेकंद देऊन उठवले आणि उठल्याउठल्या त्यांनी दिलेली प्रतिक्रिया होती, “नशीब आहे पोराचं.”

त्या सामन्यात आम्ही तिसरे आलो. दादांच्या मते ते झोनच्या नियोजनामुळे, माझ्या मते जिन्यामुळे. हा वाद वसतिगृह सुटले तरी सुटलेला नाही. आमच्या जुन्या ग्रुपवर कोणी बीजीएमआयचे नाव काढले की दादा हिंजवडीतल्या कचेरीतून लगेच लिहितात की स्पर्धा जगणाऱ्यांच्या असतात, मारणाऱ्यांच्या नसतात.

ते खरे आहे का, हे स्पर्धांच्या गुणपद्धतीवरूनच तपासता येते. अलीकडच्या अधिकृत स्पर्धांत सामना जिंकणाऱ्या संघाला 10 गुण मिळतात, दुसऱ्याला 6, तिसऱ्याला 5, असे उतरत जाऊन आठव्यापर्यंत 1 आणि त्याखाली शून्य. आणि प्रत्येक फिनिशला 1 गुण मिळतो. म्हणजे नवव्या क्रमांकावर बाद झालेल्या पण 10 फिनिश घेतलेल्या संघाचे गुण, गवतात लपून तिसऱ्या क्रमांकापर्यंत रांगत गेलेल्या आणि एकही फिनिश न घेतलेल्या संघाच्या दुप्पट होतात. ज्याला सभ्य भाषेत ‘प्लेसमेंट’ म्हणतात, त्याची आयोजकांनी ठरवलेली किंमत एवढी आहे. दादांना हे कोष्टक मी पाठवले होते. त्यांनी त्यावर अंगठ्याची खूण टाकली आणि विषय बदलला.

‘खरा खेळ’ हा युक्तिवाद तर मला त्याहून पोकळ वाटतो, कारण बॅटल रॉयल हा प्रकारच मुळात दुसऱ्या खेळाच्या कडेला वाढलेला आहे. ब्रेंडन ग्रीन या आयरिश गृहस्थाने 2013 मध्ये ‘आर्मा 2’ या लष्करी खेळावरच्या ‘डे-झी’ या मॉडमध्ये (चाहत्यांनी बदललेल्या आवृत्तीत) फेरफार करून आपला बॅटल रॉयल मॉड बनवला, आणि पुढे 2017 मध्ये त्याच कल्पनेतून पबजी उभे राहिले. एरँगल हे नाव त्याने आपल्या मुलीच्या नावावरून घडवले आहे, हे जाता जाता. फोर्टनाइट 2017 च्या जुलैत आले तेव्हा तो राक्षसांपासून गढी राखण्याचा खेळ होता. बॅटल रॉयल त्यात सप्टेंबरमध्ये जोडले गेले आणि आज लोकांना तेवढेच माहीत आहे. काउंटर-स्ट्राइकसुद्धा आधी ‘हाफ-लाइफ’चा मॉड होता. ज्या मोडला आज टाइमपास म्हणून हिणवले जाते तो उद्या मुख्य खेळ होणारच नाही, अशी हमी कोणी देऊ नये. निदान ज्याचा आवडता मोड स्वतःच असा वर आला आहे, त्याने तर नाहीच.

बाकीच्या मोडबद्दल थोडक्यात सांगतो, कारण तुम्ही सर्वांचाच उल्लेख केला आहे. 2019 हे या खेळात मोडच्या सुगीचे वर्ष होते: झोम्बी, टीडीएम, पेलोड, सगळे त्याच वर्षी आले. पेलोडमध्ये हेलिकॉप्टर आणि रॉकेट लाँचर असल्यामुळे ते धमाल आहे, पण त्यातून तुमचा नेम एका तसूनेही सुधारणार नाही. इन्फेक्शन, म्हणजे झोम्बी आणि माणसांचा पाठशिवणीचा मोड, मला आवडत नाही. चुलतभावंडे सुट्टीत एकत्र जमली तर खेळावे, एरवी नाही. क्लासिकमधले नकाशे मात्र जवळजवळ वेगवेगळे मोडच समजा. लिविक दोन बाय दोन किलोमीटरचा, 52 खेळाडूंचा आणि साधारण पाव तासात संपणारा आहे, म्हणून तुमच्यासारख्या नोकरदारासाठी तोच योग्य. नुसा त्याहूनही छोटा, 32 जणांचा. मीरामार हे वाळवंट असून तिथे लांबच्या नेमाशिवाय निभाव लागत नाही, तेव्हा ते शेवटी ठेवा. एफपीपीच्या (कॅमेरा थेट खेळाडूच्या डोळ्यांतून) भानगडीत सुरुवातीला पडू नका. पीसीवरच्या पबजीच्या मोठ्या स्पर्धा एफपीपीत होतात हे खरे, पण मोबाइलवर टीपीपीच चालते आणि वर सांगितलेली जिन्याची युक्ती एफपीपीत उपयोगाची नाही.

एवढे लिहिल्यावर टीडीएमची उणी बाजूही सांगायला हवी. वेअरहाऊसमध्ये झोन नाही, गाडी नाही आणि लूटही नाही, त्यामुळे कुठे उतरावे, कधी निघावे, उघड्या शेतातून जाताना स्मोक (धुराचा गोळा) कुठे टाकावा, यांतले काहीही तिथे शिकता येत नाही. महिनोन्महिने फक्त टीडीएम खेळणाऱ्याला दिसेल त्याच्यावर धावून जाण्याची खोड लागते आणि एरँगलमध्ये ती महागात पडते. दादांच्या बोलण्यात तथ्य आहे ते एवढेच. टीडीएम खेळून तुमची श्रेणीही वाढणार नाही, कारण काँकरर या सर्वांत वरच्या श्रेणीपर्यंतची शिडी क्लासिकच्या गुणांवर चालते. तुमची बोटे एकदा बसली की तासातला निम्मा वेळ लिविकला द्या आणि टीडीएमचे दोन सामने फक्त हात मोकळा करण्यापुरते ठेवा. घरातले अठराच्या आतले कोणी तुमच्या जोडीला बसणार असेल तर त्याच्या खात्याला रोज तीन तासांची मर्यादा आहे, हे आधीच सांगून ठेवा, म्हणजे ऐन सामन्यात भांडण होणार नाही.

आणि तुमच्या मित्रांपैकी कोणी यापुढेही टाइमपास हा शब्द वापरला, तर त्याला रूम काढून वेअरहाऊसमध्ये एकास एक खेळायला बोलवा. आमच्या दादांना असे आमंत्रण मी अनेकदा दिले आहे; दर वेळी त्यांचे नेट नेमके त्याच रात्री बंद पडते.