पॅटीसचे पापुद्रे सुटत नाहीत, काय करू?

प्रश्न: ताई, बेकरीसारखं व्हेज पॅटीस घरी करून बघितलं पण पापुद्रे सुटतच नाहीत, बटर सगळं ट्रेमध्ये वाहून येतं आणि खालची बाजू कच्चट, ओली राहते. ओटीजी आहे. चुकतंय कुठे?

उत्तर: बटर ट्रेमध्ये वाहतंय म्हणजे बहुतेक ते ओव्हनमध्ये जायच्या आधीच पिठात मुरलं होतं. पॅटीस फुलतं ते वाफेने. पिठाच्या दोन थरांमध्ये बटरचा थर असतो, ओव्हनची गरमी लागली की पाण्याची वाफ होते आणि ती एकेक थर वर उचलते. बटर आधीच मुरलं तर थरच उरत नाहीत, मग जे होतं ते नानकटाईच्या चुलतबहिणीसारखं काहीतरी.

बटर ३२ ते ३५ अंशांनाच वितळतं आणि आपल्याकडे मे महिन्यात ओट्यापाशी तेवढं सहज असतं. बेकरीत यासाठी जास्त तापमानाला वितळणारं मार्जरीन वापरतात, पण ते टाळूला चिकटतं बाई, घरी बटरच बरं, फक्त सकाळी लवकर करायला घ्या.

पाव किलो मैद्याला २०० ग्रॅम बटर. मैद्यात चमचाभर लिंबाचा रस घालून फ्रीजच्या गार पाण्याने भिजवा, बटर खारट असेल तर मीठ बेतानेच, आणि फार मळत बसू नका, अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. बटर दोन प्लास्टिकच्या कागदांमध्ये ठेवून लाटण्याने ठोकून चपटं करा, लाटलेल्या पिठात गुंडाळून बंद करा, लांबट लाटा आणि तीन पदरी घडी घाला. असं चार वेळा केलं की बटरचे ८१ थर होतात. दर घडीनंतर अर्धा तास फ्रीज, इथे कंटाळा केलात की संपलं. लाटताना चिकटायला लागलं किंवा आकसून परत मागे यायला लागलं तर जोर लावू नका, परत फ्रीजमध्ये टाका.

खालचा ओलेपणा सारणाचा. बटाटा-मटारची भाजी कोरडी हवी, टोमॅटो नको, कांदा पाणी आटेपर्यंत परतायचा, आणि भाजी पूर्ण गार झाल्याशिवाय भरायची नाही, कोमट भाजीने पण बटर सुटतं. ओटीजी दोन्ही रॉड लावून २०० अंशांवर १५ मिनिटं तापवा, पॅटीस २५-३० मिनिटं भाजा, पहिली १५ मिनिटं दार उघडायचं नाही.

प्रश्न: आमच्याकडे अंडं चालत नाही, वरून रंग कसा येईल?

उत्तर: दुधात चिमूटभर साखर घालून ब्रशने लावा, अंड्याइतकी चकाकी येत नाही पण रंग छान येतो. कापलेल्या कडांना मात्र लावू नका, थर चिकटून बसतात. आणि कापताना धारदार सुरी एका दाबात खाली, पुढेमागे ओढायची नाही.

प्रश्न: पाहुणे संध्याकाळी येणार असतील तर आदल्या दिवशी करून ठेवता येतात का?

उत्तर: भरून कच्चेच फ्रीझरमध्ये ठेवा, सुटे सुटे, घट्ट झाले की डब्यात भरा. बाहेर काढून मऊ होऊ द्यायचे नाहीत, तसेच्या तसे गरम ओव्हनमध्ये, पाच-सात मिनिटं जास्त लागतील. भाजलेले उरले तर ओटीजीतच गरम करा, मायक्रोवेव्हमध्ये वातड होतात.