‘परमिशन डिनाइड’ आलं म्हणून क्षेत्र सोडायचं?

ताई, नमस्कार.

डिचोलीहून पाठवलेलं तुमचं पत्र वाचलं. मुलगा बीसीएच्या शेवटच्या वर्षाला, वेर्णा औद्योगिक वसाहतीत ट्रेनिंगला जातो. सॉफ्टवेअरला एका फोल्डरमध्ये फाइल लिहिता येईना, ‘परमिशन डिनाइड’ (परवानगी नाही) असा संदेश येई, म्हणून त्याने त्या फोल्डरला सरळ ७७७ परमिशन दिली. काम चालू झालं, पण साहेबांनी सर्व्हरचा ॲक्सेस काढून घेतला. आता तो कॉम्प्युटर सोडून सरकारी क्लार्कच्या जागा शोधतोय.

साहेबांचं चुकलं नाही. ७७७ म्हणजे मालक, गट आणि उरलेले सगळे, तिघांनाही वाचायची, लिहायची, चालवायची मुभा. त्या सर्व्हरवरचं कुठलंही खातं कुणाच्या हाती लागलं, तर तो तिथे हवं ते ठेवून जाईल. मुलाची तळमळ मात्र मला आवडली. अडलेलं काम सोडून तो घरी आला नाही.

त्याला विचारा, ते सॉफ्टवेअर कोणत्या युजरच्या नावाने चालतं? उबंटू या लिनक्स ऑपरेटिंग सिस्टिमवर वेबसर्व्हर (वेबसाइट पुरवणारं सॉफ्टवेअर) सहसा ‘डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू-डेटा’ या नावाने चालतो. म्हणून मुलाने स्वतःच्या खात्यातून हाताने केलेली फाइल बनते आणि सॉफ्टवेअर अडतं. मग फोल्डरचा मालक बघायचा, आणि वरच्या प्रत्येक फोल्डरमधून आत शिरायची परवानगी आहे का तेही. हे हमखास राहून जातं. गरज असेल तेवढ्याच फोल्डरची मालकी त्या युजरला दिली की बहुतेक वेळा भागतं. रूट, म्हणजे सगळे अधिकार असलेला युजर, होऊन सॉफ्टवेअर चालवणं हा उपाय नव्हेच. विंडोजवरही ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये लिहिता येत नाही म्हणून ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ची सवय लावू नये, सॉफ्टवेअरचा डेटा युजरच्या ‘ॲपडेटा’ फोल्डरमध्ये ठेवावा.

गरजेपुरतीच परवानगी, हे तत्त्व साल्ट्झर आणि श्रोडर या संगणकशास्त्रज्ञांनी १९७५ मध्ये मांडलं. सिस्टिम ॲडमिन, क्लाउड, सायबर सुरक्षा, सगळीकडे रोज तेच पाळावं लागतं. रेड हॅट या लिनक्स कंपनीची आरएचसीएसए ही सिस्टिम ॲडमिनची परीक्षा तर प्रत्यक्ष मशीनवर कामं करून द्यायची असते, आणि फाइलच्या परवानग्या तिच्या अभ्यासक्रमात आहेत. फी लगेच भरू नका. आधी घरच्या लॅपटॉपवर व्हर्च्युअल मशीन (संगणकातला आभासी संगणक) करून त्यात रेड हॅटशी जुळणारं अल्मा लिनक्स टाकू दे. ते फुकट मिळतं. तिथे मोडतोड झाली तरी कुणाचं नुकसान नाही.

क्लार्कचा अर्ज त्याला खरंच ते काम आवडत असेल तर भरू दे, या एका प्रसंगामुळे नको. साहेबांना भेटायला जाताना त्याने एक कागद न्यावा: युजर कोणता, फोल्डर कोणता, ७७७ च्या जागी काय हवं आणि का. ॲक्सेस त्यानंतर मागावा, तोही सध्या चाचणीसाठीच्या टेस्ट सर्व्हरचाच.