वाचकांचे प्रश्न : तत्त्वज्ञानाचे पहिले पुस्तक कोणते?

प्रश्न : मी यावल तालुक्यात केळीची शेती करतो. शिक्षण बारावीपर्यंत झाले आहे, पण वाचनाची आवड जुनी आहे. तत्त्वज्ञान म्हणजे नेमके काय ते समजून घ्यावे म्हणून मागील वर्षी जळगावहून पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाच्या इतिहासाचा एक जाड ग्रंथ आणला. साठ पानांपर्यंत कसाबसा रेटला आणि सोडून दिला. एक म्हणतो सर्व काही पाणी आहे, दुसरा म्हणतो सर्व काही अग्नी आहे, तिसरा म्हणतो बदल मुळी होतच नाही. माझी बुद्धी कमी पडते की पुस्तक चुकले?

उत्तर : आपली बुद्धी कमी पडलेली नाही. पुस्तकही वाईट नसेल, पण ते पहिले पुस्तक नव्हे. इतिहासग्रंथाला अडीच हजार वर्षे एका खंडात बसवायची असतात. त्यामुळे प्रत्येक विचारवंताच्या वाट्याला त्याचा निष्कर्ष तेवढा येतो आणि ज्या वाटेने तो त्या निष्कर्षापर्यंत पोचला ती वाट मात्र गळून जाते. थेलिस या प्राचीन ग्रीक विचारवंताचे ‘सर्व काही पाणी आहे’ हे वाक्य सुटे वाचले तर भाबडे वाटते; दिसणाऱ्या असंख्य वस्तूंच्या मुळाशी एकच द्रव्य असू शकेल का, हा त्यामागचा प्रश्न कळला की त्याच वाक्याचे वजन वाढते. तत्त्वज्ञानात मत दुय्यम असते आणि मतामागची कारणे मुख्य असतात. म्हणून ज्यात थोडे प्रश्न घेतलेले आहेत आणि एकेका प्रश्नाशी लेखक शेवटपर्यंत झुंजतो, असे लहान पुस्तक आधी हाती घ्यावे.

माझी पहिली शिफारस बर्ट्रांड रसेल यांच्या ‘द प्रॉब्लेम्स ऑफ फिलॉसॉफी’ या 1912 मधील छोट्या पुस्तकाची आहे. त्यात पंधरा प्रकरणे आहेत आणि पहिले प्रकरण एका साध्या टेबलाविषयी आहे. रसेल म्हणतात, हे टेबल तपकिरी दिसते, पण जिथे उजेड पडतो तिथे ते जवळजवळ पांढरे दिसते, आणि आपण जागा बदलली की तो चकाकणारा भागही सरकतो. मग त्याचा खरा रंग कोणता म्हणायचा? हाताला ते गुळगुळीत लागते, सूक्ष्मदर्शकातून पाहिले तर खडबडीत दिसते. यांतले खरे कोणते? अशा एकेका पायरीने ते आपल्याला ‘खरे टेबल म्हणून काही आहे का, आणि असल्यास ते कशा प्रकारचे आहे?’ या प्रश्नापाशी आणून उभे करतात. हे प्रकरण वाचताना आपल्या ओट्यावरचे केळीचे पान समोर ठेवून पाहावे. सकाळी, भर दुपारी आणि दिवेलागणीला त्या पानाचा हिरवा रंग एकच असतो का? हा प्रयोग केल्याशिवाय दुसऱ्या प्रकरणाकडे वळू नये, असे मी आग्रहाने सांगेन.

रसेल यांचे इंग्रजी स्वच्छ आहे, पण वाक्ये लांब आहेत. ते जड गेल्यास टॉमस नेगल यांचे ‘व्हॉट डझ इट ऑल मीन?’ (1987) घ्यावे. शंभर पानांच्या आसपासचे हे पुस्तक विचारवंतांच्या नावांची यादी न देता थेट प्रश्नांना हात घालते. आपल्याला काही खात्रीने कळू शकते का, दुसऱ्यालाही मन आहे हे कशावरून, आपण करतो ते स्वतःच्या इच्छेने करतो का, मरण वाईट कशासाठी मानायचे, असे नऊ प्रश्न त्यात आहेत. मराठीतच वाचायचे असेल तर मराठी विश्वकोशातील तत्त्वज्ञानविषयक नोंदी, विशेषतः मे. पुं. रेगे यांनी लिहिलेल्या, संथपणे वाचाव्यात. विश्वकोश आता इंटरनेटवर विनामूल्य उपलब्ध आहे आणि रेग्यांइतके नेमके तात्त्विक मराठी फार थोड्यांनी लिहिले आहे.

दिवसाला दोन पानांहून अधिक वाचू नये. समासात पेन्सिलीने ‘हे कशावरून?’ एवढेच लिहीत जावे. शेतात पाणी धरताना तो प्रश्न मनात घोळला तर अभ्यास चालू आहे असे समजावे. आणलेला जाड ग्रंथ टाकून देऊ नये. वर्षभराने तोच नकाशासारखा उपयोगी पडेल.

प्रश्न : मी शहादा येथे बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षात शिकतो. आधी भारतीय तत्त्वज्ञान वाचावे की पाश्चात्त्य? दोन्हींचा एकमेकांशी काही संबंध आहे का?

उत्तर : क्रमाविषयी माझा आग्रह नाही. संबंधाचे मात्र एक उदाहरण पाहू. आपल्याकडे थंडीत शेतात भरताची वांगी भाजतात, तेव्हा पऱ्हाटीचा धूर दुरूनच दिसतो आणि ‘तिथे विस्तव आहे’ असे आपण न पाहता म्हणतो. न्यायदर्शनाने, म्हणजे तर्क आणि अनुमान यांचा विचार करणाऱ्या भारतीय दर्शनाने, नेमके हेच उदाहरण घेतले. फक्त तेथे शेताच्या जागी डोंगर आहे आणि अनुमान पाच पायऱ्यांत मांडले आहे. डोंगरावर अग्नी आहे, ही प्रतिज्ञा. कारण तेथे धूर आहे, हा हेतू. जिथे धूर तिथे अग्नी, जसे स्वयंपाकघरात, हे उदाहरण. डोंगरावरही तसाच धूर आहे, हा उपनय. म्हणून तेथे अग्नी आहे, हे निगमन. उलट दिशेने मात्र जाता येत नाही, हेही नैयायिकांनी दाखवले. तापून लाल झालेल्या लोखंडाच्या गोळ्यात अग्नी असतो, पण धूर नसतो. धूर निघायला इंधन ओले असावे लागते.

यावर चार्वाकाचा, म्हणजे प्रत्यक्ष दिसेल तेवढेच प्रमाण मानणाऱ्या दर्शनाचा, आक्षेप असा की ‘जिथे धूर तिथे अग्नी’ हा नियम तुम्हाला कळला कसा? तुम्ही पाहिलेली स्थळे मोजकी. न पाहिलेली, होऊन गेलेली आणि पुढे येणारी अगणित. हा आक्षेप चौदाव्या शतकातील माधवाचार्यांच्या ‘सर्वदर्शनसंग्रह’ या ग्रंथाच्या पहिल्याच प्रकरणात आहे. आता रसेल यांच्या वर सांगितलेल्या पुस्तकाचे सहावे प्रकरण उघडा. रोज दाणे टाकणारा माणूस आजही दाणेच टाकील, अशी कोंबडीची खात्री असते, आणि एके दिवशी तोच माणूस तिची मान पिरगाळतो. चार्वाक आणि रसेल यांच्यात शतकांचे अंतर आहे, परंपरा निराळ्या आहेत, तरी अडचण तीच आहे. आपण विज्ञानाचे विद्यार्थी आहात. प्रयोगशाळेत पाच वाचने घेऊन नियम मांडताना ही अडचण आपलीही आहे. म्हणून ही दोन प्रकरणे एकाच आठवड्यात वाचावीत. पुढे सलग वाचनासाठी मराठीत श्रीनिवास दीक्षित यांचे ‘भारतीय तत्त्वज्ञान’ आणि इंग्रजीत एम. हिरियण्णा यांचे ‘आउटलाइन्स ऑफ इंडियन फिलॉसॉफी’ (1932) ही दोन्ही भरवशाची आहेत. राधाकृष्णन यांच्या ‘इंडियन फिलॉसॉफी’चे दोन खंड त्यानंतर.

प्रश्न : मी भुसावळची निवृत्त शिक्षिका आहे. तीस वर्षे ज्ञानेश्वरी वाचते आहे. हे तत्त्वज्ञान नव्हे काय? मग परक्या पुस्तकांची गरज कशाला?

उत्तर : बाई, ते तत्त्वज्ञान आहेच. परकी पुस्तके वाचलीच पाहिजेत असेही नाही. एकच विनंती करतो. श्रद्धेने केलेले पारायण आणि युक्तिवाद तपासत केलेले वाचन या दोन निराळ्या क्रिया आहेत. दुसरीमुळे पहिलीला बाधा येत नाही. त्यासाठी ज्ञानदेवांचीच ‘चांगदेव पासष्टी’ घ्यावी. अवघ्या पासष्ट ओव्या आहेत, आणि ज्यांना हे उत्तर लिहिले गेले त्या चांगदेवांचे मंदिर आपल्यापासून जवळच, तापी-पूर्णेच्या संगमावर आहे. त्यांनी पाठवलेल्या कोऱ्या पत्राची कथा आपल्याला ठाऊक असणारच. त्या ओव्यांत आरशाचा दृष्टांत येतो. आरसा समोर धरला की मुखच मुखाला पाहू लागते आणि पाहणारे व पाहिले जाणारे असे दोन वाटतात. पण आरसा नव्हता तेव्हाही मुख आपल्या जागी होतेच. आता स्वतःला विचारा : हा दृष्टांत नेमके काय सिद्ध करतो, आणि काय फक्त सुचवतो? त्यानंतर ज्ञानदेवांच्याच ‘अमृतानुभवा’चे सातवे प्रकरण, अज्ञानखंडन, वाचावे. तेथे ज्ञानदेव प्रतिपक्षाला किती बाजूंनी घेरतात ते पाहिल्यावर, संतवाङ्मयात तर्क नाही असे कुणी म्हटले तर आपणच त्याला उत्तर द्याल.

प्रश्न : अमळनेरला आम्ही सहा जण दर रविवारी एकत्र वाचतो. गटाने वाचण्यासारखे एखादे पुस्तक सुचवावे.

उत्तर : आपल्या गावात हा प्रश्न निघावा याचा मला मनापासून आनंद होतो. प्रताप शेठजींच्या दातृत्वातून 1916 मध्ये तेथे तत्त्वज्ञान मंदिर ही तत्त्वज्ञानाच्या अभ्यासाची संस्था उभी राहिली. 1930 च्या दशकात कृष्णचंद्र भट्टाचार्य यांच्यासारखे तत्त्वज्ञ तेथे होते, आणि साने गुरुजी शिक्षक होण्यापूर्वी तेथेच अभ्यासाला होते.

गटासाठी प्लेटोचा ‘युथिफ्रो’ हा संवाद घ्यावा. पात्रे दोनच आहेत, सॉक्रेटिस आणि युथिफ्रो. दोघांनी ती वाटून घेऊन मोठ्याने वाचावीत आणि बाकीच्यांनी ऐकावे. एका मजुराच्या मृत्यूबद्दल युथिफ्रो आपल्या जन्मदात्या वडिलांवरच खटला भरायला निघालेला असतो आणि हेच धर्माचे काम आहे अशी त्याची खात्री असते. सॉक्रेटिस त्याला विचारतो : एखादी गोष्ट देवांना आवडते म्हणून ती पवित्र ठरते, की ती पवित्र असते म्हणून देवांना आवडते? या वाक्याशी पुस्तक मिटावे आणि पुढच्या रविवारपर्यंत कुणीही उघडू नये. संवादाच्या शेवटी उत्तर मिळत नाही; युथिफ्रो घाई आहे असे सांगून निघून जातो.