तेलुगू सिनेमा फॉरवर्ड केला, हैदराबादहून नोटीस आली

प्रश्न : मी मित्रांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपचा ॲडमिन आहे. एकाने नव्या तेलुगू सिनेमाची हिंदी डब फाइल टाकली, मी ती दुसऱ्या ग्रुपवर पाठवली. आता हैदराबाद पोलिसांची नोटीस व्हॉट्सअ‍ॅपवरच आली आहे. ग्रुप डिलीट करू का? अटक होईल का? (सोलापूर)

उत्तर : काहीही डिलीट करू नका. पुरावा ठरू शकणारी नोंद नष्ट करणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २४१ खाली वेगळा गुन्हा आहे. असलेलं प्रकरण कशाला वाढवता?

आधी नोटीस खरी आहे का ते पाहा. हजर राहण्याची, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५ ची नोटीस व्हॉट्सअ‍ॅपवर बजावता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये स्पष्ट केलं आहे. तिच्यातला नंबर फिरवू नका. ठाण्याचा नंबर स्वतः शोधून गुन्हा क्रमांक विचारा. कुणी ‘मिटवून टाकू’ म्हणत पैसे मागितले, तर तो भामटाच.

नोटीस खरी निघाली, तरी ॲडमिनपदाची धास्ती नको. दुसऱ्याच्या पोस्टसाठी केवळ ॲडमिन म्हणून तुम्ही गुन्हेगार ठरत नाही, हे नागपूर खंडपीठाने २०२१ मध्ये सांगितलं आहे. अडचण आहे ती तुमच्या फॉरवर्डची. कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ मध्ये ६ महिने ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख दंड आहे, आणि हा गुन्हा अजामीनपात्र आहे. मात्र धंदा म्हणून केलं नसेल, तर कोर्ट कारणं नोंदवून किमानपेक्षा कमी शिक्षा देऊ शकतं. पैसे घेतले होते का, हे तुम्ही लिहिलेलं नाही. वकिलाला खरं सांगा.

नोटिशीत सिनेमॅटोग्राफ कायद्याची २०२३ ची दुरुस्तीही असू शकते. तिच्यात दंड निर्मितीखर्चाच्या ५ टक्क्यांपर्यंत जातो, म्हणजे ३०० कोटींच्या सिनेमाला १५ कोटी! पण पायरेटेड प्रत दाखवण्याबद्दलचं तिचं कलम नफ्यासाठी दाखवणाऱ्याला लागतं. फुकट फॉरवर्डला ते लावणं कठीण आहे.

हैदराबादवाले सोलापूरपर्यंत का पोचले, याचं नवल नको. ‘बाहुबली २’च्या हिंदी आवृत्तीने २०१७ मध्ये देशात ५०० कोटींच्या वर कमावले. हिंदी डब प्रत फुटली की तिथल्या निर्मात्याच्या खिशालाच कात्री लागते.

अटकेची भीती वाटली, तर सोलापूरच्या सत्र न्यायालयात मर्यादित मुदतीचा अटकपूर्व जामीन मागता येतो. गुन्हा परराज्यातला असला तरी चालतो, हे सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२३ मध्ये ठरवलं आहे. तेवढ्या मुदतीत तेलंगणातल्या कोर्टात अर्ज करा. रीतसर नोटिशीला हजर राहिलात, तर पोलिसांना अटकेची कारणं लेखी नोंदवावी लागतात. फोन जप्त केला तर पंचनाम्याची प्रत मागून घ्या.